रोग कीं शय्या? : दुर्बळ रोग्यांच्या शुश्रूषा-योजनेचा इतिहास

शुश्रूषेच्या इतिहासावर जें कांहीं लिहिलें जातें त्यांत एक विधान वारंवार आढळतें. तें असें कीं, रोग्याच्या अंगीं काय काय करण्याची शक्ति उरली आहे हें प्रथम पाहावें, त्याची नोंद करावी, तदनुसार शुश्रूषेची लेखी आंखणी करावी व ठराविक मुदतीनें ती पुन्हां तपासावी, ही पद्धति अमेरिकेंतील विद्यापीठांत सन १९६० च्या सुमारास निघाली आणि तेथून सर्वत्र पसरली. हेलन युरा व मेरी वॉल्श यांचें 'द नर्सिंग प्रोसेस' हें पुस्तक सन १९६७ मध्यें प्रसिद्ध झालें, तें या समजुतीस आधार म्हणून पुढें करण्यांत येतें. नांवापुरतें पाहिल्यास हें विधान खोटें नाहीं. परंतु शब्दाचा जन्म आणि वस्तूचा जन्म एकाच ठिकाणीं होतो असें थोडेंच आहे? आमच्या मतें या पद्धतीचें मूळ विद्यापीठांत नसून इंग्लंडांतील दरिद्री लोकांच्या रुग्णशाळांत आहे. ज्या खाटांच्या रांगांकडे नांवाजलेला वैद्य सहसा फिरकत नसे, तेथें तें शोधिलें पाहिजे. या शोधाबरोबर दुसरा एक प्रश्न आपोआप उभा राहतो, व आमच्या दृष्टीनें तोच अधिक महत्त्वाचा आहे. त्या खाटांवर वर्षानुवर्षें पडून राहिलेलीं हजारों माणसें अंथरुणास खिळलीं तीं रोगानें कीं अंथरुणानेंच?

आरंभींच एका आक्षेपाचा विचार करणें बरें. चरकसंहितेच्या सूत्रस्थानांतील नवव्या अध्यायांत चिकित्सेचे चार पाद सांगितले आहेत : वैद्य, द्रव्य, उपस्थाता आणि रोगी. त्यांपैकीं उपस्थात्याच्या अंगीं उपचारांचें ज्ञान, दक्षता, रोग्याविषयीं अनुराग व शुचिता हे चार गुण असावेत असेंही तेथें म्हटलें आहे. यावरून शुश्रूषेचें सर्व शास्त्र आमच्याकडे पूर्वींच सिद्ध होतें असें कोणी म्हणतील. शुश्रूषा करणाऱ्यास वैद्याच्या पंक्तीस बसविण्याचा हा विचार फार मोठा आहे, यांत शंका नाहीं. परंतु उपस्थाता कसा असावा हें सांगणें निराळें, आणि एक उपस्थाता घरीं गेल्यावर दुसऱ्यानें रात्रीं तेंच काम त्याच क्रमानें कसें चालू ठेवावें हें ठरविणें निराळें. आम्ही ज्या वस्तूचा इतिहास लिहीत आहों ती ही दुसरी होय. दोहोंची गल्लत केल्यानें चरकाचा मान वाढत नाहीं आणि इतिहासही साधत नाहीं.

या दुसऱ्या वस्तूचा पहिला स्पष्ट उच्चार आम्हांस फ्लॉरेन्स नाइटिंगेल (१८२०–१९१०) यांच्या सन १८५९ मधील 'नोट्स ऑन नर्सिंग' या पुस्तकांत आढळतो. याच बाईंनीं पुढें पुण्याच्या सार्वजनिक सभेशीं खेड्यांच्या आरोग्यासंबंधीं पत्रव्यवहार केला होता, हें आमच्या कांहीं वाचकांस ठाऊक असेल. त्यांच्या पुस्तकांतील हवा व उजेड यांवरील प्रकरणांचा बोलबाला झाला; पण किरकोळ व्यवस्थेवरील एक छोटें प्रकरण आहे, त्याकडे इतिहासकारांचें लक्ष फारसें गेलेलें नाहीं. आपण हजर असतां जें करतों तें आपल्या गैरहजेरींत कसें होईल याची तजवीज करणें, हा त्या प्रकरणाचा विषय आहे. मन लावून शुश्रूषा करणारी बाई चार तास बाहेर गेली आणि मागें सर्व घोटाळा झाला, तर दोष तिच्या कष्टांचा नव्हे, व्यवस्थेचा आहे, असें त्यांचें म्हणणें. शुश्रूषेच्या योजनेचें बीज हेंच. त्याच पुस्तकांत दुसरेंही एक मत आहे : रोग्यास शय्याव्रण झाला तर तो बहुधा रोगाचा नव्हे, शुश्रूषेचा दोष समजावा. ज्या काळीं पाठीवरील व्रण हा दीर्घ दुखण्याचा अटळ परिणाम मानला जाई, त्या काळीं हें लिहिणें धाडसाचें होतें. क्रिमियाच्या युद्धावरून परत आल्यावर सन १८५७ पासून नाइटिंगेल बाई स्वतः पुष्कळ वर्षें आजारी राहून खोलींतूनच कारभार चालवीत होत्या, हें लक्षांत घेतलें म्हणजे रोग्याच्या बाजूनें त्या इतक्या बारकाईनें कशा लिहूं शकल्या याचा उलगडा होतो.

तथापि त्यांचा ग्रंथ मुख्यतः घरच्या रोग्यासाठीं होता. ज्यांस घर नव्हतें त्यांची गोष्ट वेगळी. सन १८३४ च्या गरिबांच्या कायद्यानें इंग्लंडांत ठिकठिकाणीं वर्कहाऊस म्हणजे कामाच्या अटीवर आश्रय देणारीं घरें उभीं राहिलीं. धडधाकट आळशांस धाक बसावा म्हणून बांधलेल्या या घरांत पुढें म्हातारे, पांगळे व अर्धांगवायूनें लुळे पडलेले लोकच अधिक गोळा झाले. त्यांची शुश्रूषा कोण करी? त्याच घरांतील दुसरे आश्रित. त्यांतल्या पुष्कळांस लिहितां-वाचतां येत नसे, मग औषधाच्या बाटलीवरील चिठ्ठी कोण वाचणार! सन १८६५ मध्यें विल्यम रॅथबोन यांच्या खर्चानें ॲग्नेस जोन्स ही शिकलेली परिचारिका बारा सहकारी परिचारिकांसह लिव्हरपूलच्या वर्कहाऊसच्या रुग्णशाळेंत गेली, आणि तीन वर्षांनीं, १८६८ मध्यें, तेथेंच सन्निपात-ज्वरानें तिचा अंत झाला. आश्रितांकडून शुश्रूषेचें काम घेण्यास सरकारी मनाई व्हावयास १८९७ साल उजाडावें लागलें. मधल्या तीस वर्षांत शिकलेल्या परिचारिका वाढल्या, फरशा स्वच्छ झाल्या, चादरी पांढऱ्या झाल्या. परंतु त्या चादरींखालीं निजलेला मनुष्य निजलेलाच राहिला. नीटनेटकें अंथरूण व त्यांत हालचाल न करणारा रोगी हीच उत्तम वॉर्डाची खूण समजली जाऊं लागली. हें आम्ही उपहासानें म्हणत नाहीं. साथीच्या तापांच्या व शस्त्रक्रियेच्या रोग्यांस विश्रांतीचा खरोखर गुण येई, आणि तोच नियम विचार न करतां दुर्बळ म्हाताऱ्यांसही लावण्यांत आला.

या ठिकाणीं शय्या मनुष्यास कशी पांगळा करते हें थोडक्यांत सांगितलें पाहिजे, कारण पुढील सर्व इतिहास त्यावर अवलंबून आहे. एकाच अंगावर पडून राहिल्यानें माकडहाड, खुबे व टांचा यांवरील कातडी हाड आणि गादी यांच्यामध्यें दाबली जाते. तेथील रक्त थांबतें आणि कातडी मरते. गुडघे व खुबे वांकलेले राहिल्यानें सांधे आखडतात, आणि पांघरुणाच्या भारानें पावलें खालीं लोंबून तशींच ताठतात. मग मूळचा रोग बरा झाला तरी तो मनुष्य उभा राहूं शकत नाहीं. पोटऱ्यांतील शिरांत रक्त गोठतें, छातींत कफ सांचतो. शौचकूप लांब, पलंग उंच, हांक मारली तरी येण्यास कोणी मोकळें नाहीं, अशा स्थितींत मलमूत्र धरण्याची संवय जाते, आणि एकदां ती गेली म्हणजे त्यास उठवून बसविण्याची इच्छा शुश्रूषा करणारांसही राहत नाहीं. अशा रीतीनें दुर्बळ मनुष्य अंथरुणांत जातो आणि अंथरूण त्यास अधिक दुर्बळ करतें. बाहेरून पाहणारास मात्र वाटतें कीं म्हातारपणाचा हा स्वाभाविक शेवट आहे.

सन १९२९ च्या कायद्यानें गरिबांच्या रुग्णशाळा कौंटी-मंडळांच्या ताब्यांत जाण्याचा मार्ग मोकळा झाला. लंडनच्या पश्चिमेस आयल्वर्थ येथें वेस्ट मिडलसेक्स नांवाचें मोठें हॉस्पिटल होतें. सन १९३५ मध्यें शेजारच्या वर्कहाऊसच्या रुग्णशाळेंतील ७१४ रोग्यांचा भार त्याच्यावर येऊन पडला व तें काम डॉक्टर मार्जरी वॉरेन (१८९७–१९६०) यांच्याकडे आलें. तेथें तरुण व वृद्ध, शुद्धीवर असलेले व भ्रमिष्ट, सर्व एकाच ठिकाणीं कोंबलेले होते. पुष्कळांच्या रोगाचें नीट निदानही झालेलें नव्हतें. वॉरेन बाईंनीं एकेकास तपासलें. नंतर त्यांनीं या रोग्यांची जी विभागणी केली ती सन १९४३ मध्यें ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्यें आलेल्या त्यांच्या लेखांत दिली आहे. तिच्यांत पांच वर्ग आहेत : अंथरुणांतून उठूं शकणारे, अंथरुणास खिळलेले परंतु मलमूत्रावर ताबा असलेले, ताबा नसलेले, म्हातारपणानें भ्रमिष्ट झालेले परंतु शांत व इतरांस त्रास न देणारे, आणि ज्यांस वेगळें ठेवणें भाग आहे असे भ्रमिष्ट.

ही यादी वाचकांनीं जरा थांबून पाहावी. पहिल्या तीन वर्गांत रोगाचें नांवच नाहीं. हृदयरोग, संधिवात, पक्षाघात हे वैद्यकाचे जुने कप्पे बाजूस ठेवून येथें प्रथमच मोठ्या प्रमाणावर प्रश्न विचारला गेला कीं, हा मनुष्य काय करूं शकतो? निदान तर त्यांनीं केलेंच, व तें केल्यावांचून उपचार नाहीं असा त्यांचा आग्रहही होता. परंतु रोग्याचा दिवस कसा जाईल हें निदानावरून ठरत नाहीं, त्याच्या उरलेल्या शक्तीवरून ठरतें, हें त्यांनीं ओळखलें. त्यांनीं वॉर्डांत उजेड व रंग आणला, कठडे बसविले, खुर्च्या मांडल्या, रोग्यांस उठवून बसविलें व चालविलें. परिणाम असा झाला कीं, या विभागाच्या खाटा ७१४ वरून २४० वर आल्या, रोग्यांची ये-जा तिपटीनें वाढली, आणि उरलेल्या खाटा क्षयरोग्यांकरितां देतां आल्या. जे शेंकडों लोक खाट सोडून गेले त्यांस खाटेवर कशानें ठेवलें होतें, या प्रश्नाचें उत्तर या आंकड्यांतच आहे.

वॉरेन बाईंचा गौरव करतांना त्यांच्या वर्गीकरणांतील एक उणेपणा झांकून ठेवणें योग्य नव्हे. चौथा वर्ग पाहा. 'इतरांस त्रास न देणारे' ही रोग्याच्या शक्तीची मोजणी नव्हे, वॉर्डाच्या सोयीची आहे. पहिल्या तीन वर्गांत रोग्याकडून पाहणारी दृष्टि या ठिकाणीं नकळत पलंगापासून उठून दाराशीं जाऊन उभी राहते. बुद्धिभ्रंश झालेल्या वृद्धांची शुश्रूषा पुढें कित्येक वर्षें मागें राहिली, तिचें एक कारण आम्हांस येथें दिसतें.

वॉरेन या डॉक्टर होत्या, परिचारिका नव्हत्या; तेव्हां शुश्रूषेच्या इतिहासांत त्यांस इतकें स्थान कां द्यावें, असें कोणी विचारील. त्याचें उत्तर असें कीं, त्यांच्या सुधारणेंत औषधाचा भाग थोडा होता. उचलणें, बसविणें, वेळच्या वेळीं शौचास नेणें, आपल्या हातानें जेवूं देणें, हीं कामें परिचारिकांचीं. आणि परिचारिका, व्यायाम शिकविणारे, हातकाम शिकविणारे व समाजसेवक यांनीं एकत्र बसून एका रोग्याचा विचार करावा हें त्यांचेंच म्हणणें. सन १९४६ मध्यें लॅन्सेट पत्रांत त्यांनीं तें पुन्हां मांडलें. पुढच्याच वर्षीं, डिसेंबर १९४७ मध्यें, रिचर्ड ॲशर या लंडनच्या डॉक्टरांचा अंथरुणांत पडण्याच्या धोक्यांवरील लेख ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्यें आला. तो विनोदी ढंगाचा असल्यामुळें अधिक वाचला गेला. परंतु त्यांतील मर्म आयल्वर्थच्या वॉर्डांत बारा वर्षें आधीं सिद्ध झालें होतें.

या सुमारास स्टोक मँडेव्हिल येथें, फेब्रुवारी १९४४ पासून, लुडविग गुटमन हे पाठीच्या कण्यास दुखापत झालेल्या सैनिकांवर उपचार करीत होते. त्यांचा मुख्य उपाय ऐकावयास अगदीं साधा : दर दोन तासांनीं, दिवसा व रात्रीं, रोग्याची कूस बदलावयाची. पूर्वीं असे रोगी व्रण व मूत्रमार्गाच्या विकारानें बहुधा लवकरच मरत. घड्याळाकडे पाहून कूस बदलणारी तुकडी नेमतांच ते जगूं लागले, आणि २९ जुलै १९४८ रोजीं, लंडनची ऑलिंपिक सुरू झाली त्याच दिवशीं, त्यांच्यापैकीं सोळा जण चाकाच्या खुर्चींत बसून धनुर्विद्येच्या सामन्यांत उतरले. जगाच्या लक्षांत ते सामने राहिले. आम्हांस दोन तासांची ती पाळी अधिक मोलाची वाटते, कारण कागदावर वेळा आंखल्यावांचून ती चालूंच शकली नसती.

आतां ज्या पुस्तकामुळें आम्ही हा लेख लिहावयास प्रवृत्त झालों त्याकडे वळूं. डोरीन नॉर्टन (१९२२–२००७) व ऱ्होडा मॅक्लॅरेन या परिचारिका आणि ए. एन. एक्स्टन-स्मिथ हे डॉक्टर, या तिघांनीं लंडनमध्यें वृद्ध रोग्यांच्या शुश्रूषेंतील अडचणींचा प्रत्यक्ष तपास केला व तो सन १९६२ मध्यें प्रसिद्ध झाला. परिचारिकांच्या परंपरेंत पाठीस साबण-पाणी, स्पिरिट व नाना प्रकारचे लेप चोळण्याचा रिवाज फार जुना. प्रत्येक वॉर्डाचा आपला आवडता लेप असे, आणि प्रत्येक मुख्य परिचारिका त्याचा अभिमान बाळगी. नॉर्टन यांनीं हे लेप श्रद्धेनें न घेतां पडताळून पाहिले, आणि निष्पन्न झालें तें असें कीं, गुण लेपाचा नसून कूस बदलण्याचा आहे.

परंतु सर्वांचीच कूस दर दोन तासांनीं बदलणें अपुऱ्या मनुष्यबळांत अशक्य. मग प्रथम कोणाची? या व्यावहारिक अडचणींतून त्यांनीं जी मापनपट्टी तयार केली ती पुढें त्यांच्याच नांवानें चालली. तिच्यांत पांच गोष्टी पाहावयाच्या असतात : शरीरप्रकृति, मनाची स्थिति, चालणें-फिरणें, अंथरुणांत स्वतः हालण्याची शक्ति आणि मलमूत्रावरील ताबा. प्रत्येकीस चार ते एक असे गुण; उत्तमास चार, अगदीं वाईटास एक. एकूण वीस ते पांच. बेरीज चौदा किंवा त्याहून कमी भरली तर त्या रोग्यास शय्याव्रणाचा धोका आहे असें समजावें. उदाहरणार्थ, एखाद्या वृद्धाची प्रकृति मध्यम (३), मन उदासीन पण जागें (३), तो खुर्चीपर्यंतच जाऊं शकतो (२), अंथरुणांत फारच थोडा हालतो (२), आणि लघवीवर बहुधा ताबा नाहीं (२). बेरीज बारा; म्हणजे त्याची पाळी आधीं. यांत त्यास मधुमेह आहे कीं हृदयरोग, हें विचारलेलेंच नाहीं. वॉरेन यांच्या विभागणींतील प्रश्न येथें आंकड्यांत उतरला, व तो उतरविणाऱ्या परिचारिका होत्या. शिवाय ही पट्टी वापरण्यास कोणाची परवानगी नको, यंत्र नको; रोग्यास जवळून पाहणारी शिकाऊ मुलगीही ती पांच मिनिटांत भरूं शकते. युरा व वॉल्श यांचें पुस्तक यानंतर पांच वर्षांनीं आलें हें लक्षांत ठेवावें.

अमेरिकेचा वांटा आम्ही नाकारीत नाहीं. व्हर्जिनिया हेंडरसन यांनीं शुश्रूषेचे चौदा घटक मांडले, आणि अंगांत बळ, इच्छा किंवा ज्ञान असतें तर जें रोग्यानें आपलें आपण केलें असतें तेवढ्यांतच त्यास मदत करावयाची, व तीही अशी कीं तो लवकर स्वावलंबी होईल, ही शुश्रूषेची व्याख्या त्यांचीच. सन १९६० मध्यें आंतरराष्ट्रीय परिचारिका-मंडळानें त्यांची पुस्तिका काढली. क्लीव्हलंड येथें सिडनी कॅट्झ व त्यांचे सहकारी यांनीं खुब्याचें हाड मोडलेल्या व इतर रोग्यांचें निरीक्षण करून सन १९६३ मध्यें सहा क्रियांची यादी दिली : स्नान, कपडे घालणें, शौचास जाणें, पलंगावरून खुर्चीवर जाणें, मलमूत्रावर ताबा, आणि हातानें खाणें. त्यांस असें दिसलें कीं, या शक्ति बहुधा एका क्रमानें जातात. स्नान आधीं सुटतें, खाणें शेवटीं. बरा होणारा मनुष्य त्या मिळवितो तो क्रमही लहान मुलाच्या वाढीच्या क्रमाशीं जुळतो. मेरीलंडमधील डॉक्टर फ्लॉरेन्स महोनी व व्यायामोपचार करणाऱ्या डोरोथिया बार्थेल यांची दहा कलमांची व शंभर गुणांची पट्टी सन १९६५ मध्यें छापली गेली. पण ती दीर्घ दुखण्यांच्या हॉस्पिटलांत १९५५ पासून वापरांत होती. शंभर गुण मिळाले म्हणजे तो मनुष्य घरीं एकटा राहूं शकेल असें नव्हे, ही त्यांची स्वतःची सूचना पुढें पट्टी भरणारे पुष्कळदां विसरले. तात्पर्य, अमेरिकेंतही ही वस्तु प्रथम निपजली ती दीर्घ दुखण्यांच्या वॉर्डांतच. विद्यापीठांनीं तिला मागाहून नांव दिलें. सन १९८० मध्यें एडिंबरो येथील नॅन्सी रोपर, विनिफ्रेड लोगन व ॲलिसन टिअर्नी यांनीं जीवनाच्या बारा क्रियांवर उभारलेली पद्धति प्रसिद्ध केली, तींत परावलंबनापासून स्वावलंबनापर्यंतच्या एका रेषेवर रोग्याची जागा ठरविण्याची जी कल्पना आहे, ती आमच्या मतें याच परंपरेंतली होय.

आमच्या प्रांतांत या विषयाचीं साधनें कोठें सांपडण्याचा संभव आहे तेवढें सांगून हा लेख पुरा करतों. पहिल्या महायुद्धांत अपंग झालेल्या हिंदी सैनिकांसाठीं सन १९१७ मध्यें मुंबईस निघालेली व पुढें खडकीस आलेली क्वीन मेरी यांच्या नांवाची उद्योगशाळा, आणि कण्याच्या दुखापतीनें पांगळ्या झालेल्या सैनिकांसाठीं खडकीस सन १९७४ मध्यें निघालेलें पुनर्वसन-केंद्र, या दोन संस्था एकाच गांवीं असल्या तरी त्यांच्यामध्यें सत्तावन्न वर्षांचें अंतर आहे. पहिलीच्या नांवांत उद्योग आहे, दुसरीच्या नांवांत पुनर्वसन. या दोन शब्दांमधल्या काळांत खाटेवरील सैनिकाचा दिवस कसकसा बदलला, हें वार्षिक अहवालांवरून कळणें कठीण. अहवाल इमारतींचे व देणगीदारांचे असतात. तें कळेल तर कूस बदलण्याच्या वेळांच्या वह्या, रात्रपाळीच्या नोंदी आणि मुख्य परिचारिकांचीं टिपणें यांवरून. रुग्णालयांतून हे कागद जुने झाल्याबरोबर रद्दींत जातात. ज्यांच्या माळ्यावर असे कागद अजून शिल्लक असतील, त्यांनीं ते विकण्यापूर्वीं एकदां एखाद्या संशोधकाच्या हातीं द्यावे.